हातात वहाण घेतलेली जिजाई

माउली, प्रभातचा ‘संत तुकाराम’ आपण पाहिला असेलच. विष्णुपंत दामले आणि शेख फत्तेलाल यांनी दिग्दर्शित केलेला हा बोलपट १९३६ साली आला. मुंबईत तो वर्षाहून अधिक काळ चालला. १९३७ साली व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात त्याचा गौरव झाला. मीही चित्रपट करतो. हा बोलपट जुना का होत नाही, हा प्रश्न मला माझ्या धंद्यापायी सतत पडतो.

तरुणपणी मी त्यातले चमत्कारच पाही. विमान कसे उडवले असेल, याचेच नवल वाटे. आज असल्या युक्त्या पोरांनाही कळतात, तरी बोलपट पाहताना डोळे भरतात. मग टिकले ते काय?

टिकली ती जिजाई. विष्णुपंत पागनीस यांचे तुकोबा नामाच्या तंद्रीत असतात. गौरी यांची जिजाई जमिनीवर घट्ट उभी असते. एका हाताने आजारी पोराला ओढत, दुसऱ्या हातात वहाण घेऊन ती थेट विठोबापुढे जाते. कीर्तनांतून आपण तिला कजाग म्हणून हसतो. इथे हसू येते, पण तिची भूक खोटी ठरत नाही. म्हणूनच तुकोबांची विरक्ती खरी वाटते, कारण त्या विरक्तीचा भार घरात कोण वाहते ते दिसते.

आमच्या आजीने तंबूबाहेर वहाणा काढून हा बोलपट पाहिला. मी शेजारी होतो. जिजाईच्या हातात वहाण दिसताच वाटले, आजी आता कानांवर हात ठेवील. ती पुटपुटली, “बरोबर आहे तिचं. देवाशी नाही भांडायचं, तर कुणाशी?” आजोबांची वारी कधी चुकली नाही. आजीला मात्र एकही घडली नाही. आषाढात शेत, गुरे, पोरे सारे तिच्यावर असे. तिच्या त्या बोलण्याचा अर्थ मला फार उशिरा कळला.

शेवटी तुकोबा वैकुंठाला जातात, जिजाई पोरांसाठी मागे राहते. विमान नजरेआड होते. ती होत नाही.

माउली, यंदा वारीला निघताना उंबऱ्यात कोण उभे आहे, ते पाहा. आणि एखाद्या वर्षी आपण घर सांभाळा. वारी तिला घडू द्या.