मुळी आणि वेल

मराठीत फँटसी लिहू पाहणाऱ्या माझ्या वयाच्या मंडळींच्या कथांत एक देऊळ मला वरचेवर भेटतं. स्फटिकाचा मनोरा, चांदण्यात उजळणाऱ्या कमानी, आणि आत झोपेल त्याला भविष्य दिसतं. कल्पना वाईट नाही. ग्रीसमध्ये एपिडॉरसला अस्क्लेपियसच्या मंदिराशेजारी खरोखरच अशी वास्तू होती. रोगी तिथे रात्री झोपत आणि स्वप्नात देव येऊन उपाय सांगेल याची वाट बघत. पण आपल्या कथांतल्या देवळांत दगड किती जाड आहे, अंधार कुठे सुरू होतो, हवा कुठून येते, हे लेखकाने स्वतःला विचारलेलंच नसतं. बार्शीत वाढलेल्या माणसाला तरी हे सुचायला हवं. उन्हातून भगवंताच्या देवळात शिरलं की डोळे सरावेपर्यंत गाभाऱ्यात काही दिसत नाही. तेवढा वेळ माणूस दुसरीकडे कुठे तरी असतो, आणि ते काम दगडाने केलेलं असतं. याच देवळाच्या वाटेवर जोगा परमानंद गीतेच्या एकेका श्लोकाला दंडवत घालत जात, अशी कथा आहे. वास्तू दारापाशी सुरू होत नाही, हे तिला पक्कं ठाऊक आहे.

हवेचा प्रश्न मराठीत सगळ्यात नीट विचारला तो जी. ए. कुलकर्णींनी. 'पिंगळावेळ' (१९७७) मधली 'स्वामी' ही कथा. एका प्रवाशाला मठात आणलं जातं, त्याचा आदर-सत्कार होतो, आणि मग त्याला जमिनीखालच्या खोलीत कायमचं बंद केलं जातं. आता तो स्वामी. वरच्या जगाला त्याचं ज्ञान किंवा तप नको आहे, फक्त ती खोली रिकामी नको आहे. बाहेरच्या जगाशी नातं उरतं ते हवेच्या वाटेपुरतं. आमच्या धंद्यात याला सिंगल पॉइंट ऑफ फेल्युअर म्हणतात, आणि कथेचा शेवट नेमका तिथूनच होतो. एक वेल त्या वाटेने उजेडाकडे चढत जाते, ती वाढली की हवा बंद होणार, आणि हा तिला वाढू देतो.

या कथेकडे नियतीपुढे हतबल झालेल्या माणसाचं रूपक म्हणून बघायची सवय आहे. ते चूक नाही, पण त्यात मठ नुसता नेपथ्य होऊन जातो. मला ती आळंदीच्या शेजारी ठेवून वाचावीशी वाटते. जी.एं.च्या मनात आळंदी होती असा माझा दावा नाही. पण मराठी वाचकाच्या मनात ती असतेच.

शके १२१८ मध्ये, म्हणजे १२९६ साली, ज्ञानेश्वरांनी संजीवन समाधी घेतली. त्यानंतर जवळपास तीनशे वर्षांनी एकनाथांना स्वप्न पडलं, अशी परंपरेची कथा आहे. ज्ञानेश्वर सांगतात, अजानवृक्षाची मुळी माझ्या कंठाला लागली आहे, येऊन काढ. नाथ आळंदीला जातात, समाधीस्थान शोधतात, आत शिरतात, मुळी काढतात. शके १५०६ मध्ये त्यांनी ज्ञानेश्वरीची शुद्ध प्रत सिद्ध केली, हा मात्र वाङ्मयाच्या इतिहासाचा भाग. तीनशे वर्षांच्या नकलांमधून पाठात जे शिरलं होतं तेही त्यांनी काढलं. गळ्याभोवतीची मुळी आणि पोथीतले अपपाठ या दोन गोष्टी कथेने इतक्या जवळ का ठेवल्या, हे कुठल्याही संपादकाला सांगावं लागू नये. (जुना कोड साफ करणाऱ्यालाही.)

आता दोन्ही वास्तू बघा. जमिनीखालची बंद जागा, आत माणूस, आणि एक वनस्पती. आळंदीत मुळी बाहेरून आत येते, आतला माणूस हाक मारतो आणि कुणी तरी येतं. 'स्वामी'मध्ये वेल आतून बाहेर जाते आणि कुणीही येत नाही. त्याचं बोलणं ऐकायला वेलीशिवाय कुणी उरलेलं नाही. वर भक्त आहेत, पण त्यांच्या झोपेत हा माणूस जात नाही. मठाची खरी भीषणता मला कुलपापेक्षा इथे दिसते. आळंदीचा दगड स्वप्न बाहेर जाऊ देतो. वाघोलीच्या रामेश्वरभटांच्या अंगाचा दाह झाला तेव्हा ते आळंदीत अनुष्ठानाला बसले, आणि तुकोबांकडे जा असा दृष्टांत त्यांना तिथेच झाला, असं सांगतात. म्हणजे एपिडॉरसचं काम इंद्रायणीकाठीही चालू होतं. फरक एवढाच की इथला देव उपाय स्वतः करत नाही, ज्याचा आपण छळ केला त्याच्या दारात पाठवतो.

'स्वामी'च्या शेवटी जी.एं.ची भाषा फार चढते. वेलीचा एवढा गौरव नसता तरी चाललं असतं, खोलीने ते काम आधीच केलेलं आहे. तरीही कथेचा कठोरपणा मला पटतो, कारण आळंदीच्या कथेतही एक प्रश्न दबलेला आहे. नामदेवांच्या नावावरच्या समाधीच्या अभंगांत भावंडांचा, संतांचा आक्रोश आहे. शिळा लावली जाताना बाहेरचे सगळे रडतात. त्या रडण्याचं पुढे तीर्थक्षेत्र होतं, आणि मग आतल्याची हाक ऐकू यायला एका माणसाला स्वप्न पडावं लागतं. मधली तीनशे वर्षं वर गर्दी असेलच की.

स्फटिकाचे मनोरे लिहिणाऱ्यांना माझी विनंती एवढीच आहे: तुमच्या देवळात कोण कोंडलेलं आहे, आणि त्याचं स्वप्न कुणाला पडतं, हे आधी ठरवा. कमानी नंतर.