रत्नाकर मतकरी : अद्भुताचे लेखन आणि दिग्दर्शन

तिसगावच्या परिसरातील वाचकाला अद्भुत अपरिचित नाही. जवळच मढीस कानिफनाथांची समाधी आहे आणि धुंडीसुत मालूंचा 'नवनाथ भक्तिसार' (शके १७४१) आजही भक्तिभावाने वाचला जातो. या परंपरेत चमत्काराला श्रद्धेचे अधिष्ठान असते. आधुनिक मराठी कथेने ते अधिष्ठान काढून घेतल्यावर अद्भुताचे काय झाले, हा प्रश्न रत्नाकर मतकरी (१९३८–२०२०) यांच्या कारकिर्दीच्या निमित्ताने विचारात घ्यावयाचा आहे.

या प्रश्नाला मराठीत प्रामुख्याने दोन उत्तरे मिळाली. जयंत नारळीकरांच्या विज्ञानकथेत अद्भुताला अखेर कार्यकारणभावाचा हिशेब द्यावा लागतो. मतकरींची गूढकथा हे बंधन मानीत नाही. तिला संशय पुरतो. म्हणूनच ती केवळ रंजनपर आहे, असा समज रूढ झाला. तो कितपत टिकतो, हे त्यांच्या दिग्दर्शनाकडे पाहिल्याशिवाय ठरविता येणार नाही.

अद्भुतकथेच्या लेखकाने दिग्दर्शनात शिरणे हे सर्वस्वी अपूर्व नव्हे. जपानी विज्ञानकथाकार साक्यो कोमात्सु यांनी १९८४ च्या 'सायोनारा ज्युपिटर' या चित्रपटाच्या दिग्दर्शनात भाग घेतला. परंतु तेथे विषयच ग्रहगोलांचा, तेव्हा यंत्रतंत्राचा पसारा अटळ होता. मतकरींची वाट निराळी. १९६२ मध्ये त्यांनी 'बालनाट्य' ही संस्था स्थापन केली. 'निम्माशिम्मा राक्षस', 'अलबत्या गलबत्या' अशा नाटकांतून राक्षस व चेटकिणी रंगमंचावर आल्या. 'अलबत्या गलबत्या'तील चेटकीण दिलीप प्रभावळकरांनी रंगविली. स्त्रीवेषातील पुरुष समोर दिसत असूनही मूल भिते आणि हसतेही. येथे अनिष्टाला ठळक रूप आहे, म्हणून त्याचा पराभवही शक्य आहे.

पुढे वयाच्या पंचाहत्तरीच्या सुमारास मतकरींनी स्वतःच्याच कथेवरून 'इन्व्हेस्टमेंट' हा चित्रपट दिग्दर्शित केला. साठाव्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत तो सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपट ठरला. त्यात भूत नाही, चेटकीण नाही. सुस्थितीतील एका कुटुंबाचा मुलगा वर्गभगिनीच्या हत्येस कारण होतो आणि त्याच्या भवितव्यात सर्वस्व गुंतविलेले आईबाप तो गुन्हा झाकतात. बालनाट्यात जे मूल राक्षसाला हरवीत असे, तेच येथे राक्षसाच्या जागी उभे आहे. आणि या राक्षसाला ओळखण्याजोगे कोणतेही सोंग नाही.

या एका उलटापालटीने मतकरींच्या गूढकथेचे मर्म उघड होते. तिचे भय अलौकिकावर अवलंबून नाही. परिचित माणसाच्या अंतःकरणाविषयी आपण किती अनभिज्ञ आहोत, या जाणिवेवर ते अवलंबून आहे. एक उणीव मात्र नोंदविली पाहिजे. चित्रपटातील आजी सदसद्विवेकाची वाणी होते आणि गूढकथेला शोभणारे मौन तेथे भंग पावते. तरीही भयाचे मूळ माणसात शोधणाऱ्या या लेखनाला 'केवळ रंजन' म्हणून बाजूस सारणे समीक्षेला यापुढे परवडणारे नाही.