९८ व्या रेखावृत्तावरचा इतिहासकार

इतिहासाच्या पुस्तकाला नायक लागतो. राजा, सेनापती, फार तर एखादी चळवळ. वॉल्टर प्रेस्कॉट वेब यांच्या ‘द ग्रेट प्लेन्स’ (१९३१) या ग्रंथाचा नायक पाऊस आहे, आणि तोही न पडणारा.

टेक्सासपासून डकोटांपर्यंत अमेरिकेला उभं चिरत जाणारं ९८ वं पश्चिम रेखावृत्त वेब डोळ्यांपुढे ठेवतात. त्याच्या पूर्वेला जंगल आणि भरवशाचा पाऊस. पश्चिमेला सपाट, झाड नसलेला, बव्हंशी वर्षाला २० इंचांच्या आतबाहेर पावसाचा मुलूख. पूर्वेकडची गोरी वस्ती जमीन, पाणी आणि लाकूड अशा तीन पायांवर उभी होती. रेषा ओलांडताच त्यातले दोन पाय निखळले, असं वेब म्हणतात. पुढे काय झालं, हे पुढची पाचशेएक पानं सांगतात. माणदेशातल्या वाचकाला हा युक्तिवाद चटकन उमगेल.

ही रेषा त्यांना ग्रंथालयात सापडली नव्हती. १८८८ साली पूर्व टेक्सासच्या झाडीत, पॅनोला काउंटीत त्यांचा जन्म झाला. ते लहान असतानाच कुटुंब पश्चिमेला, रेंजर गावाच्या परिसरातल्या कोरड्या मुलखात गेलं. वडील शेती करत आणि शिकवतही. १९०४ मध्ये या पोराने ‘सनी साउथ’ या साप्ताहिकाच्या पत्रव्यवहारात, लेखक कसं व्हावं, असा प्रश्न विचारला. न्यूयॉर्कच्या विल्यम हाइंड्स नावाच्या व्यापाऱ्याने ते पत्र वाचलं आणि पुस्तकं, मासिकं पाठवायला सुरुवात केली. पुढे विद्यापीठाच्या शिक्षणालाही पैसे दिले. दोघांची भेट कधीच झाली नाही. हाइंड्स लवकर वारले. १९६१ मध्ये वेब यांनी ‘हार्पर्स’ मासिकात, हे हाइंड्स कोण होते याच्या शोधाविषयी लिहिलं. उपकाराचं ओझं न मिरवता उपकारकर्त्याला उभं करणारा असा लेख विरळा.

शिकागो विद्यापीठात डॉक्टरेटसाठी गेलेले वेब तिथल्या परीक्षेत नापास होऊन ऑस्टिनला, टेक्सास विद्यापीठात परतले. पुढे ‘द ग्रेट प्लेन्स’वरच त्यांना त्या विद्यापीठाने १९३२ मध्ये डॉक्टरेट दिली. पुस्तक आधी, प्रबंध नंतर! १९५८ मध्ये ते अमेरिकन हिस्टॉरिकल असोसिएशनचे अध्यक्षही झाले.

ग्रंथाची खरी गोडी त्याच्या मांडणीत आहे. माणूस यायला वेब बराच वेळ लावतात. आधी भूमी, गवत, वारा, मग कमी पाण्यावर जगणारे आणि पळण्यात पटाईत असे प्राणी, मग घोड्यावर मांड ठोकलेले मूलनिवासी कोमांची, मग स्पॅनिश. ज्यांनी घोडा आणला ते स्पॅनिश या पठारावर टिकले नाहीत, आणि त्यांच्याच घोड्यावर बसून कोमांचींनी त्यांना थोपवलं. हा उपरोध वेब ओरडून सांगत नाहीत. इतका मजकूर संपला की अमेरिकन वसाहतकार येतो, आणि तोवर तो इथे किती अडाणी ठरणार आहे हे वाचकाला कळून चुकलेलं असतं.

मग येतात त्याला तारणाऱ्या तीन वस्तू. सहाबारी पिस्तूल, काटेरी तार, पवनचक्की. लांब बंदूक झाडाआडून लढणाऱ्याची. ती पुन्हा भरायला मिनिटभर लागे, आणि तेवढ्यात कोमांची स्वार वीस बाण सोडे, असा वेब यांचा हिशोब. सॅम्युएल कोल्टचा पॅटरसन इथला कारखाना १८४२ मध्ये बुडाला, पण टेक्सास रेंजर्स या सशस्त्र दलाच्या हाती त्याची पिस्तुलं पोचली होती, आणि १८४७ मध्ये हजार नगांच्या सरकारी मागणीने कोल्ट पुन्हा उभा राहिला. तारेची गोष्ट आणखी रंगतदार. कुंपणाला लाकूडच नाही, म्हणून लोक काटेरी झुडपांची वई लावून पाहत होते. १८७४ मध्ये इलिनॉयच्या जोसेफ ग्लिडनला तारेचं पेटंट मिळालं. त्या वर्षी १०,००० पौंड तार तयार झाली, १८८० मध्ये ८ कोटी पौंडांहून जास्त. रुक्ष आकडेवारीलाही वेब कथेतल्या कलाटणीचं काम देतात. पाण्याच्या कायद्याचं प्रकरण तर मला साऱ्यांत सरस वाटतं. नदीकाठच्या मालकाचा हक्क हा ओल्या इंग्लंडचा नियम. कोरड्या पश्चिमेत जो पहिल्यांदा पाणी वापरेल त्याचा पहिला हक्क. कायद्याला हवामान असतं, हे इतक्या सहज दाखवणारा इतिहासकार मी दुसरा वाचलेला नाही.

पण याच रसाळपणात खोट आहे. पिस्तूल हा उपाय म्हटला की कोमांची आपोआप अडचण ठरतात, आणि त्यांचा पाडाव यंत्राच्या प्रगतीसारखा वाचला जातो. मेक्सिकनांविषयीची काही वाक्यं आज वाचवत नाहीत. ‘द टेक्सास रेंजर्स’ (१९३५) मध्ये तर रेंजर्सचं कौतुक पानोपानी आहे. सीमेवरच्या मेक्सिकन लोकांच्या बाजूने त्याला सडेतोड उत्तर अमेरिको पारेदेस यांनी १९५८ मधल्या पुस्तकात दिलं. इतिहासकार फ्रेड शॅनन यांनी ‘द ग्रेट प्लेन्स’वरही कठोर टीका केली होती. त्यातली भूगोलाला फार मोठं केल्याची तक्रार मला अर्धीच पटते.

कारण भूगोलाने वेब यांची बाजू नंतरही घेतली. पवनचक्की गुरांपुरतं, परसापुरतं पाणी उपसत होती. दुसऱ्या महायुद्धानंतर ताकदवान पंप आले, आणि या मुलखाखालच्या ओगलाला भूजलसाठ्याची पातळी उतरू लागली. १९५७ मध्ये वेब यांनी ‘हार्पर्स’मध्ये पश्चिमेच्या काळजात वाळवंट आहे असं लिहिलं, तेव्हा तिकडच्या राज्यांतून संतापाची लाट उसळली. आपल्याच प्रदेशाला न चुचकारता लिहिणं त्यांना जमलं, हे मी त्यांच्या अध्यक्षपदाहून मोठं मानतो. मार्च १९६३ मध्ये ऑस्टिनजवळ मोटार अपघातात ते गेले.

ज्यांना पाचशे पानांचा धीर नसेल त्यांनी कुंपण आणि पाण्याची प्रकरणं आधी वाचावीत. रेंजर्सचं पुस्तक हाती घेतलंत तर पारेदेस यांचंही शेजारी ठेवा.