निर्मात्याचे कर्तृत्व : तोमोयुकी तानाका आणि ‘गोजिरा’

चित्रपटाचे श्रेय दिग्दर्शकास द्यावे आणि निर्माता हा केवळ द्रव्याची व वेळापत्रकाची तजवीज पाहणारा मानावा, असा समीक्षेचा प्रघात आहे. जपानमधील तोहो या चित्रसंस्थेचे निर्माते तोमोयुकी तानाका (१९१०–१९९७) यांची कारकीर्द या प्रघाताचा फेरविचार करावयास लावते.

१९५४ साली इंडोनेशियाच्या सहकार्याने योजिलेला एक चित्रपट बारगळला आणि त्याची जागा भरून काढण्याचे काम तानाका यांच्यावर पडले. त्याच वर्षी १ मार्च रोजी बिकिनी येथील अमेरिकी हायड्रोजन बाँबच्या चाचणीची किरणोत्सर्गी राख एका जपानी मासेमारी नौकेवर पडली होती. निकडीची ही गरज आणि राष्ट्राच्या मनातील हे भय यांच्या संयोगातून ‘गोजिरा’ जन्मास आला. होंडा यांचे दिग्दर्शन, त्सुबुराया यांची दृश्यकरामत व इफुकुबे यांचे संगीत या तिहींचा मेळ त्यात साधला. राक्षस रबरी पोशाखातला खरा. पण शोक खोटा नव्हता. स्वतः शोधलेले संहारक द्रव्य पुन्हा कोणाच्या हाती पडू नये म्हणून प्राण देणारा शास्त्रज्ञ हे त्या कथेचे हृदय होय.

पुढे मात्र हाच राक्षस १९६२ साली किंगकाँगशी झुंजला आणि १९६४ साली पृथ्वीचा कैवारी झाला. जपानात १९५८ साली सुमारे ११२ कोटी असलेली प्रेक्षकसंख्या १९७५ साली सुमारे १७ कोटींवर आली. या ओहोटीत बालप्रेक्षकांचा आधार घेणे व्यवहारतः समजण्याजोगे आहे. परंतु त्यामुळे मूळ आशय झिजला, हे नाकारता येत नाही. कुरोसावा यांच्या ‘योजिंबो’ (१९६१) व ‘कागेमुशा’ (१९८०) या चित्रपटांच्या निर्मात्यांतही तानाका होते. तेव्हा हा अभिरुचीचा अभाव नव्हे.

१९७५ नंतर खंडित झालेली ही मालिका तानाका यांनी १९८४ साली पुन्हा सुरू केली, ती मधले सर्व चित्रपट बाजूस सारून. त्या चित्रपटात जपानचे पंतप्रधान दोन्ही महासत्तांना अण्वस्त्रे वापरण्यास नकार देतात. जुना शोक तेथे राजकीय निर्धाराचे रूप घेतो.

दिग्दर्शक बदलले, काळ बदलला. आशयाची उभारणी, झीज व पुनःस्थापना या तिन्ही अवस्थांत निर्माता तोच राहिला. गुणांचे श्रेय इतरांस आणि दोषांचा भार बाजारास देऊन या कारकिर्दीचा उलगडा होत नाही. निर्मात्यास कर्ता मानावयाचे, तर गुणदोष दोन्ही त्याच्या खाती मांडावे लागतील. आणि तानाका यांच्याबाबतीत तोच न्याय होय.