'गावंढळ' म्हणतो कोण?

आज आपण एकच शब्द घेऊ : 'गावंढळ'. शब्दातच 'गाव' बसलंय. दोष वागण्याचा, ठपका मात्र गावावर. आमच्या मालवणीत 'खुळो' म्हणतात. त्यात मूर्खपणा आहे, वेड आहे. आई मुलाला 'रे खुळ्या' म्हणते तेव्हा मायाही आहे. पण गावाचा पत्ता त्यात नाही.

आता गंगाराम गवाणकरांचं 'वस्त्रहरण' पाहा. १९८० पासून मच्छिंद्र कांबळींनी ते गाजवलं. गावकऱ्यांनी बसवलेल्या नाटकाचा उडालेला गोंधळ बघून मुंबई हसली. आमच्या मते, चाकरमानी हसला तो आपल्याच खुळ्यांना. बाकीच्यांपैकी काही जण हसले ते गावंढळांना. हशा एक, अर्थ दोन. तेव्हा कोश उघडण्याआधी विचारावं, बोलणारा स्वतःला त्यात धरतो की नाही?