दोन पक्ष्यांची कथा : विश्राम बेडेकर

एकाच लेखकानें कादंबरी, नाटक आणि चित्रपट या तिन्ही क्षेत्रांत वावरावें, हें आपल्या टीकाकारांस फारसें रुचत नाहीं. अशा लेखकाची शक्ति वांटली गेली असा शेरा मारून ते मोकळे होतात. विश्राम बेडेकर (१९०६-१९९८) यांनीं 'रणांगण' (१९३९) ही एकच कादंबरी लिहिली. तेव्हां चित्रपटानें मराठीचा एक थोर कादंबरीकार गिळला, अशी हळहळ त्यांच्याविषयीं ऐकूं येते. ती कितपत साधार आहे, हें पाहण्याचा येथें विचार आहे.

बेडेकरांचा आरंभ रंगभूमीवर झाला. 'ब्रह्मकुमारी' (१९३३) या नाटकापाठोपाठ 'कृष्णार्जुन युद्ध' (१९३४) या बोलपटाशीं त्यांचें नांव जोडलें गेलें. प्रभातच्या 'शेजारी'चें (१९४१) लेखन त्यांचें. 'रामशास्त्री'च्या (१९४४) दिग्दर्शनांतहि त्यांचा वांटा होता. पुढें 'रुस्तुम सोहराब' (१९६३) हा हिंदी चित्रपट त्यांनीं दिग्दर्शित केला, आणि १९८० मध्यें 'टिळक आणि आगरकर' हें नाटक लिहिलें.

हीं नांवें ओळीनें मांडलीं कीं एक गोष्ट ध्यानांत येते. चक्रधर आणि हॅर्टा, जीवबा आणि मिर्झा, रुस्तुम आणि सोहराब, टिळक आणि आगरकर : सर्वत्र दोन जीव एकमेकांस बांधलेले, आणि त्यांच्या आवांक्याबाहेरची एखादी शक्ति त्यांना तोडणारी. आत्मचरित्रास त्यांनीं 'एक झाड आणि दोन पक्षी' हें उपनिषदांतील प्रतिमेवरून नांव दिलें, तेंहि या दृष्टीनें अर्थपूर्ण आहे. १९८५ चा साहित्य अकादमी पुरस्कार याच ग्रंथास मिळाला. सारांश, विषय वांटला गेला नव्हता. माध्यमें तेवढीं बदलत होतीं.

परंतु माध्यम बदललें कीं विषयाची खोलीहि बदलते, आणि खरा प्रश्न येथेंच आहे. 'शेजारी'मध्यें हिंदु जीवबा आणि मुसलमान मिर्झा यांच्यांत फूट पाडणारा माणूस प्रेक्षकाला समोर दिसतो. धरण फुटतें, दोघे मित्र एकत्र मरणास सामोरे जातात, आणि प्रेक्षक डोळे पुसून घरीं जातो; दोष दुसऱ्याचा ठरल्यामुळें त्याचें मन हलकें झालेलें असतें. 'रणांगणा'ला असा खलपुरुष नाहीं. नाझींच्या छळामुळें देशोधडीस लागलेली ज्यू तरुणी बोटीवर आहे. मुंबई आल्यावर चक्रधर उतरतो, तिला मात्र पुढें जावें लागतें. दोष एकट्या राजसत्तेचा म्हणावा, तर पूर्वीच्या प्रेमभंगानें कडवट झालेला चक्रधर स्वतःहि निर्दोष राहत नाहीं. खरें रणांगण त्याच्या मनांत आहे, आणि वाचकाला त्यांतून अंग काढून घेतां येत नाहीं.

म्हणून चित्रपटानें कादंबरीकार गिळला असें मी म्हणणार नाहीं. पण चित्रपटांत बेडेकरांना आपल्याच प्रश्नाचें सोपें उत्तर द्यावें लागलें, इतकें मात्र म्हणेन. उलट पक्षीं, 'रणांगणां'तील आटोपशीर प्रसंगरचना आणि मोजके, झोंबणारे संवाद हे नाटककाराच्या हातचे आहेत, हेंहि विसरूं नये. 'टिळक आणि आगरकर'मध्यें तर दोन्ही पक्ष आपापल्या जागीं खरे आहेत. कादंबरींत गांठलेली खोली चाळीस वर्षांनीं रंगभूमीवर पुन्हा गांठली गेली.

आमच्या किनवट भागांत मराठी, तेलुगू, गोंडी आणि बंजारा या बोली एका बाजारांत ऐकूं येतात. १९५६ पर्यंत हा तालुका आदिलाबाद जिल्ह्यांत होता. सीमा हलली, शेजारी हलले नाहींत. अशा ठिकाणीं 'शेजाऱ्यांस कोण तोडतें' हा प्रश्न केवळ पुस्तकी राहत नाहीं. 'शेजारी' त्याचें सुखद उत्तर देतो. 'रणांगण' तें उत्तर आपल्या स्वतःच्या मनांत शोधावयास लावतें. आणि बेडेकरांचें मोठेपण ठरवावयाचें तर तें या दुसऱ्या उत्तरावरूनच ठरवावें लागेल.