काळाची पाठशाळा आणि गंगाधरपंत

काळाची जादू शिकविणारी एखादी पाठशाळा असावी आणि तीत आपले नाव घालावे, ही हौस मुलांना फार. दिवाळीच्या सुट्टीआधी गोष्ट सांगावयास बसलो की आमच्या वर्गातली पोरे हटकून तसलीच गोष्ट मागतात. खरे पाहता अशी शाळा आपल्याकडे होऊन गेली आहे. खानदेशात चाळीसगावजवळ पाटणे येथे भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने आजोबांचे ग्रंथ शिकविण्यासाठी मठ काढला. इ. स. १२०७ चा शिलालेखच तसे सांगतो. ग्रहणे वर्तविण्याचे, तिथी-घटका बसविण्याचे गणित त्या ग्रंथांत आहे. जादू मात्र नाही. पुढे १९८८ मध्ये पुण्यात ‘आयुका’ उभी राहिली ती डॉ. जयंत नारळीकरांच्या हातून. या आचार्यांनी गणिताच्या जोडीला गोष्टीही लिहिल्या, आणि मुलांना हवी असलेली जादू त्या गोष्टींत आहे. मे २०२५ मध्ये नारळीकर गेले. त्यानंतर मी त्या कथा पुन्हा काढून वाचल्या.

त्यांची पहिली कथा ‘कृष्णविवर’. मराठी विज्ञान परिषदेच्या १९७४ च्या स्पर्धेसाठी त्यांनी ती नारायण विनायक जगताप या नावाने धाडली. आपली आद्याक्षरे उलटी करून घेतलेले हे नाव! अक्षर ओळखू येऊ नये म्हणून नक्कल पत्नीकडून करविली. कथेला पहिले बक्षीस मिळाले. प्रचंड गुरुत्वाकर्षणाजवळ काळ मंदावतो, हा तिचा गाभा. शास्त्र पक्के, माणूस जरा पातळ, असे माझे तिच्याविषयीचे मत आहे, आणि ते इतर पुष्कळ कथांनाही लागू पडते.

‘गंगाधरपंतांचे पानिपत’ मात्र वेगळी. काळाची पाठशाळा उद्या कोणी काढलीच, तर तिचे पहिले पाठ्यपुस्तक म्हणून मी हीच कथा सुचवीन. अकरावीच्या इंग्रजी पुस्तकातही ती रूपांतर होऊन गेली आहे. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत एका अपघातानंतर अशा जगात जागे होतात, की जिथे पानिपत मराठ्यांनी जिंकले आहे. बखरीत गोळी विश्वासरावांना लागत नाही, कानाजवळून निसटते; तेवढ्याने पुढचे सारे बदलते. पंत परत येतात तेव्हा त्या दुसऱ्या बखरीचे पान खिशात राहून गेलेले असते. इतकी साधी युक्ती आणि इतकी खरी! यंत्र नाही, मंत्र नाही, एक फाटके पान.

उदगीरच्या वाचकाला ही कथा वाचताना एक ठेच लागते, ती पुण्यामुंबईच्या वाचकाला लागणार नाही. सदाशिवरावभाऊंनी निजामाला हरविले ते ३ फेब्रुवारी १७६० रोजी, आमच्या या उदगिरात. आणि त्याच विजयाच्या बळावर ते उत्तरेकडे गेले. पानिपत झाले १४ जानेवारी १७६१ रोजी, म्हणजे वर्षही भरले नव्हते. इतिहासाला फाटा फुटला तो त्या एका गोळीपाशीच कशावरून? उदगिरात हार झाली असती तर भाऊ पानिपतावर पोचलेच नसते. काळ असा वाकडा झाला तर काय होते, हे आम्हांला पुस्तकावाचूनही थोडे ठाऊक आहे. देश १५ ऑगस्ट १९४७ ला मोकळा झाला आणि नांदेड-लातूरकडे तो दिवस १७ सप्टेंबर १९४८ ला उजाडला. तेरा महिने आमचे कॅलेंडर मागे चालत होते.

कथेचा शेवट मला खटकतो. पंतांचे मित्र राजेंद्र देशपांडे येतात आणि सारे शास्त्र समजावून देतात. मी मास्तर, त्यामुळे गोष्ट संपून तास कुठे सुरू झाला हे मला चटकन कळते. मुलांनाही कळते, ती तिथे चुळबुळ करू लागतात. परंतु त्याहून मोठी तक्रार निराळी आहे.

त्या जिंकलेल्या पानिपताच्या जगात गंगाधरपंत मुंबईला येतात आणि आपल्या मुलाची त्याच्या कचेरीत चौकशी करतात. त्या नावाचा कोणी तिथे नसतो. ओळी थोड्याच. लगेच पंत ग्रंथालयाकडे वळतात, आणि लेखकही त्यांच्याबरोबर वळतो.

मी दरवेळी तिथे पुस्तक मिटतो. आमचे गाव औसा तालुक्यातले. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे तीन वाजून छप्पन्न मिनिटांनी भूकंप झाला, तेव्हा मी शाळकरी पोर होतो. आदल्या रात्री गणपती बोळवून सगळे उशिरा निजलेले. माझी बाज अंगणात होती. चुलती आत, माळवदाखाली. दगडमातीचे ते जड छत. तिची बाज बाहेर ओढून दिली असती तर, हा हिशेब मी तीस वर्षांवर करीत आलो. घर गेल्यावर मला नांदेडला मामांकडे ठेवले. मॅट्रिक तिथेच झालो, लग्न तिथलेच, दोन मुली झाल्या. ती बाज मी ओढली असती, तर चुलती असती. नांदेड नसते, बायको नसती, आणि कुठल्याही शाळेच्या हजेरीपटावर या मुलींची नावे सापडली नसती.

वर्गात ही कथा वाचून दाखविली तेव्हा एका मुलाने विचारले, “सर, तिकडं मराठे जिंकले होते, मग ते परत कशाला आले?” मागच्या बाकावरून एक मुलगी म्हणाली, “त्यांचं पोरगं इकडं होतं की!” देशपांड्यांच्या साऱ्या शास्त्रात हे उत्तर नाही. पंत मुद्दाम परत आले असे कथा म्हणत नाही, त्या पोरीने ते आपल्या पदरचे घातले. पण तिने बोट ठेवले ते नेमके त्या कचेरीतल्या ओळींवर. विश्वासरावांच्या कानाजवळून गेलेली गोळी पंतांना कुठे लागली, ते तिथे दिसते. नारळीकरांनी तिथे अर्धे पान अधिक लिहावयास हवे होते.